रायकू दिसतो, भेटतो आणि निसटतो: तपासणी कुठून सुरू करायची

गेल्या काही वर्षांत भाच्याने, त्याच्या मित्रांनी आणि माझ्या ऑफिसातल्या दोन मोठ्या माणसांनी एकच तक्रार घेऊन माझ्याकडे गेम आणून दिला आहे: पोकेमॉनमधला रायकू किंवा एंतेई काही केल्या हाताला लागत नाही. गेम वेगवेगळे होते, म्हणजे गोल्ड-सिल्व्हर, फायररेड-लीफग्रीन आणि हार्टगोल्ड-सोलसिल्व्हर. दोष मात्र फिरून फिरून तेच पाच-सहा निघाले. ते इथे सोप्यापासून अवघडापर्यंत लावून ठेवतो. पहिल्या काही तपासण्यांना एक मिनिट आणि शून्य रुपये लागतात, म्हणून कॅसेट उघडायचा विचार करण्याआधी त्या करून घ्या.

लक्षणं

तुमचं दुखणं यांपैकी कोणतं आहे ते आधी ओळखा.

- तासन्‌तास गवतात फिरलात तरी रायकू, एंतेई आणि सुइकून या तिघांपैकी एकही भेटत नाही, पोकेडेक्समध्येही (भेटलेल्या पोकेमॉनच्या नोंदवहीत) नाव नाही.
- पोकेडेक्सच्या नकाशावर जागा दिसते, पण तुम्ही पोहोचेपर्यंत तो दुसरीकडे गेलेला असतो.
- समोर येतो आणि पहिल्याच टर्नला पळतो.
- लढाईत थांबतो, पण त्याला पकडायला टाकलेले बॉलमागून बॉल फुटत जातात.
- गेम बॉल टाकूच देत नाही, बॉक्स (पकडलेले पोकेमॉन ठेवायची जागा) भरल्याचा संदेश येतो.
- एकदा डरकाळी फोडून गेला, त्यानंतर नकाशावरून नावनिशाणी पुसली गेली.
- सगळं जमलं होतं, पण दुसऱ्या दिवशी गेम सुरू केला तर सेव्हच नाही.

शेवटची दोन लक्षणं गंभीर आहेत. बाकीची घरी बसून सुटतात.

एक मिनिटाच्या तपासण्या

पहिली म्हणजे बॉक्स. गोल्ड, सिल्व्हर आणि क्रिस्टलमध्ये एका बॉक्सात २० पोकेमॉन मावतात, आणि तो भरला की गेम आपणहून पुढचा बॉक्स उघडत नाही. सोबत सहा पोकेमॉन असतील आणि चालू बॉक्स भरलेला असेल, तर बॉल हातातून सुटतच नाही. अर्धा दिवस पाठलाग करून रायकू समोर आल्यावर हे कळलं की काय होतं, ते मी एका अकरा वर्षांच्या मुलाच्या चेहऱ्यावर पाहिलं आहे. पोकेमॉन सेंटरच्या कॉम्प्युटरवर जाऊन बॉक्स बदला. फायररेडपासून पुढे ही कटकट नाही, तिथे पोकेमॉन पुढच्या रिकाम्या बॉक्सात आपोआप जातो.

दुसरी म्हणजे तो अजून सुटला आहे का, हे बघणं. गोल्ड-सिल्व्हरमध्ये एक्रुटीक शहरातल्या जळक्या मनोऱ्याच्या तळघरात तुम्ही उतरेपर्यंत तिघे तिथेच बसलेले असतात. तुम्हाला पाहून ते उड्या मारून निघून जातात, आणि त्यानंतरच जोहटोच्या, म्हणजे या गेममधल्या प्रदेशाच्या, रस्त्यांवर हिंडू लागतात. मनोऱ्यात वरच्या मजल्यावर शत्रूशी लढून तसंच परत फिरलेले लोक मला भेटले आहेत. तळघरात उतरावंच लागतं.

फायररेड-लीफग्रीनमध्ये अट जास्त कडक आहे. एलिट फोर (शेवटचे चार बलाढ्य प्रतिस्पर्धी) हरवायचे, ६० जाती पकडून नॅशनल डेक्स, म्हणजे मोठा पोकेडेक्स, मिळवायचा, मग बेटांवरची माणिक आणि नीलम ही दोन रत्नं शोधून वन आयलंडवरच्या सेलियोला द्यायची. तोवर कँटोच्या, म्हणजे या गेममधल्या प्रदेशाच्या, गवतात तिघांपैकी कुणीच हिंडत नसतं. शिवाय या गेममध्ये तिघांपैकी एकच मिळतो आणि तो कोणता हे तुम्ही अगदी सुरुवातीलाच ठरवून बसलेले असता: बल्बासोर घेतला असेल तर एंतेई, स्क्वर्टल घेतला असेल तर रायकू, चारमँडर घेतला असेल तर सुइकून. चारमँडर घेऊन रायकूच्या मागे फिरणाऱ्याला तो कधीच मिळणार नाही. हे सांगितल्यावर ऑफिसातले एक गृहस्थ दोन मिनिटं काही बोलले नाहीत.

क्रिस्टलवाल्यांसाठी एक दिलासा. तिथे सुइकून भटकत नाही, कथेच्या ओघात टिन टॉवरमध्ये समोर उभा राहतो आणि पळतही नाही. दारात सेव्ह करा, मग लढा. हार्टगोल्ड-सोलसिल्व्हरमध्येही सुइकून ठरावीक ठिकाणी दर्शन देत देत शेवटी रूट २५ वर लढायला थांबतो. म्हणजे या गेममध्ये पाठलागाची डोकेदुखी फक्त रायकू आणि एंतेईची.

नकाशावर दिसतो, पण गाठता येत नाही

इथे बहुतेकांची एकच चूक असते: ते उडत जातात. भटके पोकेमॉन तुम्ही हद्द ओलांडली की हलतात. तुम्ही चालत एका रस्त्यावरून दुसऱ्यावर गेलात तर तेही शेजारच्या रस्त्यावर सरकतात. फ्लाय ही उडण्याची चाल वापरून शहर बदललंत, तर ते कुठल्या कुठे फेकले जातात. म्हणजे नकाशात बघून त्याच्या दिशेने उडणं म्हणजे त्याला स्वतःच हुसकावून लावणं.

उपाय साधा आहे. जिथे शहराला लागूनच गवत आहे अशी जागा निवडा. जोहटोमध्ये एक्रुटीकच्या दक्षिणेचा रूट ३७ मला बरा वाटतो. शहरात या, परत रस्त्यावर जा, नकाशा बघा. तुमच्या रस्त्यावर त्याचं चिन्ह आलं नसेल तर पुन्हा आत-बाहेर करा. तो तुमच्याकडे येईपर्यंत तुम्ही दोन पावलं मागे-पुढे करायची, एवढंच. पोकेडेक्स मात्र त्याची जागा एकदा गाठ पडल्यावरच दाखवतो. पहिली भेट नशिबावर असते, तिला इलाज नाही.

तो तुमच्या रस्त्यावर आला की रिपेल फवारा. हे ऐकून लोक माझ्याकडे संशयाने बघतात, कारण रिपेल पोकेमॉनला दूर ठेवतो. पण तो दूर ठेवतो ते फक्त तुमच्या पहिल्या पोकेमॉनपेक्षा कमी लेव्हलवाल्यांना. गोल्ड-सिल्व्हर आणि हार्टगोल्डमध्ये रायकू ४० लेव्हलचा असतो, फायररेडमध्ये ५०. तुमचा पहिला पोकेमॉन बरोबर ४० चा किंवा थोडा खाली ठेवा (फायररेडमध्ये ५० चा). रूट ३७ वरचे इतर सगळे त्याच्यापेक्षा फार लहान असतात, ते रिपेलला घाबरून बाहेर येत नाहीत. गवतात उरतो तो एकच. ४१ चा पोकेमॉन पुढे ठेवलात तर रायकूही येणार नाही, आणि तुम्ही म्हणाल गेम बिघडला.

पहिल्याच टर्नला पळतो

खरी वैताग आणणारी पायरी हीच. इथे गेम कोणता ते आधी बघा, कारण एका गेममधला उपाय दुसऱ्यात घात करतो.

गोल्ड-सिल्व्हर-क्रिस्टलमध्ये दोन रस्ते आहेत. पहिला, त्याच्या आधी चाल मिळवून मीन लुक टाकणं. ही चाल बसली की तो पळू शकत नाही. अडचण वेगाची आहे. रायकूचा मूळ वेग ११५, एंतेईचा १००, सुइकूनचा ८५, आणि रिपेलच्या युक्तीसाठी तुमचा पोकेमॉन ४० च्या वर न्यायचा नाही. यावर माझं उत्तर आहे झुबॅट. गुहेत पावलोपावली आडवा येणारा, सगळ्यांच्या शिव्या खाणारा तोच. त्याचा मूळ वेग कमी, पण क्रोबॅट झाल्यावर तो १३० वर जातो. मेख अशी की गोलबॅट झाला की मीन लुक ४२ व्या लेव्हलला मिळते, म्हणजे उशीर. झुबॅटच राहिला तर ३६ ला मिळते. म्हणून २२ पासून दर वेळी बी दाबून त्याचं रूपांतर थांबवा. ३६ ला चाल शिकली की ३७ ला गोलबॅट होऊ द्या, आणि तुमच्यावर पुरेसा जीव जडला असेल तर पुढच्या लेव्हलला क्रोबॅट. ४० च्या आत काम होतं. हा खटाटोप मी तीनदा केला आहे आणि तिन्ही वेळा वसूल झाला. फक्त लक्षात ठेवा, क्रोबॅटला परत बोलावून दुसरा पोकेमॉन काढलात की मीन लुकचा बंध सुटतो. लढाई त्यालाच निभवावी लागते.

दुसरा रस्ता झोपवण्याचा. गोल्ड-सिल्व्हरमध्ये झोपलेला किंवा गोठलेला रायकू पळत नाही. स्लीप पावडर येणारा जंपलफ (वेग ११०) एंतेई आणि सुइकूनला पुरतो. रायकूपुढे मात्र तो कमी पडतो.

दोन्ही जमत नसेल तर हप्त्याहप्त्याने घ्या. पळून गेलेल्या रायकूचा एचपी, म्हणजे उरलेली ताकद, भरून येत नाही, जिथे सोडला तिथेच राहतो. दर भेटीत एक मार मारायचा, पळाला तर पळू द्यायचं, पुन्हा गाठायचं. लोक पळाला म्हणून डोक्याला हात लावतात, मी म्हणतो एक हप्ता फिटला. फक्त शेवटचा मार मोजून मारा. गोल्ड-सिल्व्हरमध्ये बेशुद्ध पडला तर त्या सेव्हमध्ये तो परत येत नाही. म्हणून शोध सुरू करण्याआधी सेव्ह, आणि मारामारी सुरू असताना विषाची किंवा भाजण्याची कुठलीही चाल नाही, नाहीतर तुम्ही बॉल शोधत असताना विषच त्याला संपवेल.

आता फायररेड-लीफग्रीन. इथे वरचं सगळं विसरा.

२००४ च्या या गेममध्ये एक दोष राहून गेला आहे. भटक्या रायकूने किंवा एंतेईने डरकाळी फोडली, म्हणजे रोर ही चाल वापरली, की लढाई संपते आणि तो कायमचा नाहीसा होतो. नकाशावर नाही, गवतात नाही, कुठेच नाही. आणि ५० लेव्हलच्या दोघांच्याही चार चालींत रोर असतेच. सुइकूनकडे या गेममध्ये ती नसते, म्हणून चारमँडर घेतलेल्यांना हा धोका नाही.

यातली गंमत कडू आहे. मोकळा सोडलेला रायकू पहिल्या टर्नला पळतो, म्हणजे त्याला रोर वापरायला वेळच मिळत नाही. तुम्ही हुशारीने डिगलेटच्या गुहेतून एरिना ट्रॅपवाला (समोरच्याला पळू न देणारा) डगट्रिओ आणला, त्याला अडवलंत, की तुम्हीच त्याला डरकाळी फोडायला फुरसत दिलीत. माझ्याकडे आलेल्या ‘गायब झाला’ तक्रारींपैकी बहुतेक अशा तयारीने गेलेल्या मुलांच्या होत्या. अननुभवी मुलांचा रायकू निदान नकाशावर तरी होता. अडवायचंच असेल तर टाँट ही चाल बसवा, म्हणजे त्याला नुसत्या मारक चाली उरतात. पण टाँट थोड्या टर्ननंतर उतरतो, आणि तो मोजत बसणं सगळ्यांना जमत नाही.

मास्टर बॉल कुणाला

म्हणून माझा ठाम सल्ला, ज्यावर भाच्याशी वाद झाला आहे: मास्टर बॉल, म्हणजे कधीच न चुकणारा बॉल, मेवटूसाठी राखून ठेवू नका. सगळे तसंच करतात, कारण मेवटू ७० लेव्हलचा, नावाचा दरारा, आणि कार्टून बघून मनात बसलेली भीती. पण मेवटू सेरुलियनच्या गुहेत एका जागी उभा आहे. त्याच्यापुढे सेव्ह करा, पन्नास वेळा हरा, पन्नास वेळा गेम बंद करून चालू करा, तो तिथेच आहे. रायकूला तुम्ही पुढच्या वेळी कुठे गाठणार? फायररेडमध्ये सिल्फ कंपनीच्या अध्यक्षांकडून आणि गोल्ड-सिल्व्हरमध्ये आठव्या बॅजनंतर प्रोफेसर एल्मकडून मिळालेला एकमेव मास्टर बॉल पळणाऱ्यावर खर्च करा. फायररेडमध्ये तर दुसरा पर्याय सुचवायला मी धजावत नाही.

(फायररेडमध्ये पकडलेला हा पोकेमॉन लढाईत इतका लेचापेचा का, असं विचारणाऱ्यांसाठी: तोही दोषच. भटक्या पोकेमॉनचे जन्मजात गुण साठवताना एचपी सोडून बहुतेक सगळे शून्य होतात. तुम्ही काही चुकलेला नाहीत, आणि तो दुरुस्तही होत नाही.)

बॉल फुटत राहतात

मास्टर बॉल संपला असेल तर आकडेमोड समजून घ्या, म्हणजे चिडचिड कमी होईल. या तिघांचा पकडण्याचा दर ३ आहे, २५५ पैकी. गोल्ड-सिल्व्हरमध्ये एक एचपी उरलेला, झोपलेला रायकू आणि अल्ट्रा बॉल, इतकं सगळं जुळलं तरी एका बॉलला यश शंभरात सहा. न झोपवता शंभरात दोन. वीस अल्ट्रा बॉल टाकूनही साधारण चारांत एकदा तुम्ही रिकाम्या हाती परतता. म्हणजे तुमचा गेम बिघडलेला नाही, बॉल कमी आहेत. तीस-चाळीस घेऊन जा. एक बाराशेला आहे, पैसे जमवायला एलिट फोरची फेरी मारा.

झोपवण्याचाच आग्रह का? कारण गोल्ड-सिल्व्हर-क्रिस्टलमध्ये लकवा, विष आणि भाजणं यांचा पकडण्याला मिळायला हवा तो फायदा एका चुकीमुळे मिळतच नाही. फक्त झोप आणि गोठणं चालतं. थंडर वेव्ह मारून समाधान मानणारे इथे फसतात.

असाच घोळ फास्ट बॉलचा. अझालिया गावातल्या कर्टआजोबांना पांढरी अ‍ॅप्रिकॉर्न (बॉल बनवायचं फळ) दिली की ते दुसऱ्या दिवशी फास्ट बॉल करून देतात, आणि नावावरून वाटतं की पळपुट्यांसाठीच केला आहे. हेतू तोच होता. पण गोल्ड-सिल्व्हरमध्ये तो मॅग्नेमाइट, ग्रायमर आणि टँगेला या तिघांवरच लागू पडतो. रायकूवर तो साध्या बॉलइतकाच. हार्टगोल्ड-सोलसिल्व्हरमध्ये मात्र ही चूक सुधारली: मूळ वेग १०० किंवा जास्त असेल तर फास्ट बॉल चौपट चालतो, म्हणजे रायकू आणि एंतेई दोघांवर. सुइकूनचा वेग ८५, त्याच्यावर वाया घालवू नका. तिथे पहिल्या टर्नला क्विक बॉलही चौपट आहे. म्हणजे हार्टगोल्डवाल्यांनी दर भेटीत पहिल्या टर्नला एक फास्ट किंवा क्विक बॉल टाकत राहिलं तरी कधीतरी काम होतं.

हेवी बॉलचं पण विचारतात. रायकू १७८ किलोचा, एंतेई १९८, सुइकून १८७. गोल्ड-सिल्व्हरमध्ये या वजनाला हेवी बॉलचा काही फायदा नाही. लुगिया २१६ किलोचा, त्याच्यासाठी काळ्या अ‍ॅप्रिकॉर्न राखून ठेवा.

आणि बॉल हलत असताना खालचं बटण आणि बी एकत्र दाबून धरायचं, हे आपण सगळ्यांनी केलं आहे. मी अजूनही करतो. निकाल बॉल सुटतानाच लागलेला असतो.

सेव्ह राहत नाही

इथपासून खर्च सुरू होतो. मोबाईलवर किंवा थ्रीडीएसवर खेळत असाल तर हा भाग तुमच्यासाठी नाही.

गोल्ड-सिल्व्हर-क्रिस्टलच्या कॅसेटमध्ये सीआर २०२५ चा गोल सेल असतो. सेव्ह आणि गेममधलं घड्याळ दोन्ही त्याच्यावर चालतात, आणि घड्याळ सतत चालू असल्याने सेल लवकर उतरतो. जपानात गोल्ड-सिल्व्हर १९९९ च्या नोव्हेंबरात आले, म्हणजे मूळ सेल पंचवीस वर्षांच्या आसपासचा. कर्टकडे ठेवलेला बॉल ‘उद्या’ होतच नाही, दिवस-रात्र बदलत नाही, मग एक दिवस सेव्ह जातं. क्रम बहुधा असाच.

आधी स्वस्त उपाय. कॅसेटच्या सोनेरी पट्ट्या कापसाच्या काडीने आणि आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा, पूर्ण सुकू द्या. फुंकर मारू नका, थुंकीतल्या ओलाव्याने पट्ट्या गंजतात. पुसल्यावर गेम सुरू व्हायला लागला पण सेव्ह राहत नसेल, तर सेलच गेला आहे.

फायररेड-लीफग्रीनच्या अस्सल कॅसेटमध्ये सेल नसतोच. ‘सेल बदलावा लागेल’ असं कुणी सांगितलं आणि आत खरंच सेल निघाला, तर कॅसेट नकली आहे. एलिट फोर जिंकल्यावर सेव्ह उडणं, किंवा ‘वन एम सब-सर्किट बोर्ड’ बसवलेलं नाही असा संदेश येणं, ही नकली कॅसेटची नेहमीची लक्षणं. तिच्यावर पैसे घालवू नका. माझी एक तशीच होती, सेकंडहँड घेतलेली, रायकू पकडल्यानंतर तिसऱ्या दिवशी कोरी झाली.

इथे थांबा

सेल बदलणं घरी करू नका, हे मी स्वतः एक कॅसेट जाळून शिकलो. सेल डाग देऊन बसवलेला असतो. तो काढला की सेव्ह त्याच क्षणी जातं, आणि सेलला थेट सोल्डरिंग आयर्न टेकवलं तर तो फुटू शकतो. कॅसेट उघडायलाच ३.८ मिमीचा खास स्क्रूड्रायव्हर लागतो. चिमट्याने पिळून उघडायला गेलात तर स्क्रूचं डोकं जातं.

जुने गेम दुरुस्त करणाऱ्याकडे जा, नाहीतर मोबाईल बोर्डचं बारीक काम करणाऱ्या कारागिराकडे. त्याला तीन गोष्टी सांगा: सेल पट्ट्या आधीच जोडलेला हवा, सीआर २०२५ च हवा, आणि तुमच्या सेव्हमध्ये काही मोलाचं उरलं असेल तर कॅसेट उघडण्याआधी रीडर (कॅसेट कॉम्प्युटरला जोडणारं यंत्र) लावून त्याची प्रत काढून घ्यायची. रीडर त्याच्याकडे नसेल तर ज्याच्याकडे आहे त्याला शोधा, घाई करू नका. टेपने सेल चिकटवून देतो म्हणणाऱ्याला कॅसेट देऊ नका, सहा महिन्यांत सेल हलतो आणि सेव्ह पुन्हा जातं.

डरकाळीने गायब झालेल्या फायररेडच्या रायकूसाठी मात्र कुठलाही कारागीर नाही. त्यानंतर सेव्ह केलं नसेल तर लगेच गेम बंद करा आणि जुन्या सेव्हवरून सुरू करा. केलं असेल तर दुसऱ्या कुणाकडून बदल्यात घेणं एवढंच उरतं.